कॅन्ससच्या घटनेतील दोन शब्द

आजचा धागा लांबणार आहे, हे आरंभीच सांगून टाकते. विषय अमेरिकेतील स्त्री-मताधिकाराचा आहे. परंतु न्यूयॉर्कच्या मिरवणुका आणि व्हाइट हाउससमोरची निदर्शने यांविषयी मी लिहिणार नाही. त्यांच्याविषयी बरेच लिहिले गेले आहे. आज जायचे आहे कॅन्ससला : गवताळ माळरानावर नुकत्याच वसू लागलेल्या, शेतकऱ्यांच्या एका राज्यात.

मताधिकार कोणाला असावा हे त्या काळी मुख्यतः प्रत्येक राज्याची घटना ठरवीत असे. म्हणून १८४८ ची सेनेका फॉल्सची परिषद आणि १९२० ची एकोणिसावी घटनादुरुस्ती यांच्यामधली ७२ वर्षे बव्हंशी राज्याराज्यांत, शाळांच्या खोल्यांत आणि लहान गावांच्या सभागृहांत खर्ची पडली. कॅन्ससच्या घटनेत मतदाराची व्याख्या करताना दोन शब्द होते : ‘गोरा’ आणि ‘पुरुष’. ५ नोव्हेंबर १८६७ रोजी हे शब्द खोडावेत की नाहीत, असा प्रश्न राज्याच्या मतदारांपुढे ठेवण्यात आला. एकच प्रश्न नव्हे. प्रत्येक शब्दासाठी स्वतंत्र प्रश्न, स्वतंत्र कौल.

येथे क्षणभर थांबून हिशेब करून पाहावा. केवळ ‘गोरा’ हा शब्द गेला, तर कृष्णवर्णीय पुरुषाला मत मिळणार. केवळ ‘पुरुष’ गेला, तर गोऱ्या स्त्रीला मिळणार. कृष्णवर्णीय स्त्रीला मत मिळायचे तर दोन्ही शब्द जायला हवेत. पुढे जे काही सांगणार आहे ते वाचताना हा हिशेब ध्यानात ठेवावा. त्या वर्षीच्या बहुतेक वक्त्यांच्या ध्यानातून तो निसटला होता.

मूळ घटना कशी झाली, तेथून सुरुवात करू.

१८५४ साली अमेरिकन काँग्रेसने कायदा केला, की कॅन्सस गुलामगिरीचा प्रदेश होणार की मुक्त, हे तेथील रहिवाशांनीच मतदानाने ठरवावे. परिणाम असा झाला, की दोन्ही पक्षांनी माणसे नेऊन वसवायला सुरुवात केली. शेजारच्या मिसुरीतून गुलामगिरीचे समर्थक आले. दूरच्या न्यू इंग्लंडमधून विरोधक आले. पुढली काही वर्षे तेथे जाळपोळ आणि खून यांचे सत्र चालले. जॉन ब्राऊन हे नाव याच काळात पुढे आले.

न्यू इंग्लंडमधून आलेल्यांत व्हरमाँटची क्लॅरिना निकल्स होती. वय चव्वेचाळीस, व्यवसाय संपादकाचा. पहिला विवाह अयशस्वी ठरून घटस्फोट झालेला. नवऱ्याच्या घरी स्त्रीची कमाई, तिची मुले, तिचे कपडेसुद्धा कायद्याने कोणाचे असतात हे तिने जवळून पाहिले होते. १८५२ साली व्हरमाँटच्या विधिमंडळापुढे बोलायला ती उभी राहिली, तेव्हा ‘हिला विजार भेट द्या’ अशी टवाळी झाली. तिने सुनावले ते असे : अंगावरचा हा झगा मी स्वतः विकत घेतला, तरी तुमच्या कायद्याने त्याचा मालक माझा नवरा, आधी आमचे झगे आम्हांला परत करा, मग तुमच्या विजारींविषयी बोलू.

जुलै १८५९ मध्ये वायनडॉट या गावी कॅन्ससची घटना लिहिण्यासाठी ५२ प्रतिनिधी जमले. सगळे पुरुष, हे वेगळे सांगायला नको. निकल्सला तेथे मत नव्हते. मोनेका नावाच्या वस्तीतील स्त्री-हक्क मंडळाच्या वतीने ती सह्यांचे अर्ज घेऊन आली, सभागृहात एका खुर्चीवर बसली आणि विणकाम करू लागली. अधिवेशन संपेपर्यंत ती रोज येत राहिली. कामकाज चालू असताना सुया चालत. मधल्या सुट्टीत ती एकेका प्रतिनिधीला गाठून बोलत असे. विणकाम करणाऱ्या मध्यमवयीन बाईला सभागृहाबाहेर काढणे अवघड असते, हे तिने नेमके ओळखले होते, असे मला वाटते.

तिने काय मिळवले? विवाहित स्त्रीचा स्वतःच्या मालमत्तेवरील हक्क, मुलांच्या ताब्याबाबत आई-वडिलांना समान हक्क, आणि शाळांच्या कारभारात स्त्री-पुरुष असा भेद न करण्याचे कलम. २९ जानेवारी १८६१ ला कॅन्सस राज्य झाले आणि त्याच वर्षापासून तेथील स्त्रिया शाळा-मंडळाच्या निवडणुकांत मत देऊ लागल्या. काय मिळाले नाही, तेही स्पष्ट आहे. ‘गोरा’ आणि ‘पुरुष’ हे दोन्ही शब्द जागच्या जागी राहिले.

या व्याख्येचा एक परिणाम विलक्षण होता. परदेशातून आलेल्या गोऱ्या पुरुषाने नागरिक होण्याचा इरादा नुसता जाहीर केला, तरी कॅन्ससमध्ये त्याला मत देता येई. उलट ऑक्टोबर १८६२ मध्ये मिसुरीतील आयलंड माउंड येथे जी पलटण लढली, यादवी युद्धात प्रत्यक्ष लढाईत उतरलेली जी पहिली कृष्णवर्णीय पलटण मानली जाते, ती कॅन्ससचीच होती. तिच्या सैनिकांना युद्ध संपल्यावरही मत नव्हते. १८६० च्या जनगणनेत राज्यात ६२७ कृष्णवर्णीय होते. १८७० मध्ये ती संख्या १७,१०८ झाली. मिसुरीच्या मळ्यांतून सुटून आलेली माणसे होती ती. त्यांच्या मताचा प्रश्न आता टाळता येणार नव्हता.

१८६७ च्या आरंभी विधिमंडळात कृष्णवर्णीय पुरुषांच्या मताधिकाराचा प्रस्ताव आला. त्याला स्त्री-मताधिकाराची जोड दिली सॅम वुड या सिनेटरने. वुड हा जुना गुलामगिरीविरोधक, पण मोठा खटपट्या माणूस. दोन प्रस्ताव एकत्र बांधून दोन्ही बुडवायचे असा त्याचा डाव आहे, असा संशय कृष्णवर्णीय मताधिकाराच्या समर्थकांना आला. त्याच्या मनात काय होते हे सोडून देऊ. फलित असे झाले, की दोन्ही प्रस्ताव वेगवेगळे, पण एकाच दिवशी मतदारांपुढे जायचे ठरले. तिसराही एक प्रस्ताव होता : बंडखोर दक्षिणेला साथ देणाऱ्यांचे मत काढून घेण्याचा.

एप्रिलमध्ये टोपेका येथे दोन्ही मताधिकारांसाठी एकत्र काम करणारी संघटना स्थापन झाली. गव्हर्नर सॅम्युएल क्रॉफर्ड तिचे अध्यक्ष आणि वुड तिचा चिटणीस. पूर्वेकडून लूसी स्टोन आणि तिचा नवरा हेन्री ब्लॅकवेल आले. लग्नानंतरही स्वतःचे आडनाव न बदलणारी म्हणून स्टोनची त्या काळी ख्याती, किंवा कुख्याती, होती. दोघांनी वसंतात गावोगाव सभा घेतल्या आणि आशा घेऊन ती परतली. जुलैमध्ये ऑलिंपिया ब्राऊन आली. ही चर्चची रीतसर दीक्षित धर्मोपदेशिका. एकटीने उन्हाळाभर दोनशेंहून अधिक भाषणे दिली. वाहन मिळेल ते, मुक्काम मिळेल तेथे.

सप्टेंबरमध्ये सुसान बी. अँथनी आणि एलिझाबेथ केडी स्टॅन्टन पोहोचल्या. अँथनी लॉरेन्सला राहून सभांची आखणी पाहू लागली. एक्कावन्न वर्षांची, सात मुलांची आई असलेली स्टॅन्टन माजी गव्हर्नर चार्ल्स रॉबिन्सन यांच्याबरोबर घोडागाडीतून दौऱ्यावर निघाली. तिच्या आत्मचरित्रातील या दौऱ्याची पाने मला फार आवडतात. तुपकट चरबीत तरंगणारे डुकराचे मांस, सोडा जास्त झाल्याने हिरवट पडलेली पोळीवजा बिस्किटे, दुधाविना कॉफी आणि तीत साखरेऐवजी सॉर्गमची, म्हणजे आपल्या ज्वारीच्याच जातीच्या ताटांच्या रसाची, काकवी. एका रात्री घरातल्या ढेकणांना भिऊन ती गाडीतच झोपली. तर लांब सोंडांची काळी डुकरे येऊन गाडीच्या पायऱ्यांना पाठी घासत राहिली आणि पिसवांनी तिला जागे ठेवले. सभेला माणसे मात्र मैलोन्‌मैल चालून येत.

आता प्रचार कोठे फसला ते पाहू. येथे मी थोडी रेंगाळणार आहे, कारण या भागाविषयी दोन्हीकडून सोयीस्कर कथा सांगितल्या जातात.

राज्यात सत्ता होती रिपब्लिकन पक्षाची, म्हणजे लिंकनच्या पक्षाची. पक्षाचे हित कृष्णवर्णीय मताधिकारात होते. नवे मतदार आपल्यालाच मते देतील हे उघड होते. स्त्रियांचा प्रश्न हे त्यांना लोढणे वाटे. जर्मन वस्त्यांत भीती होती, की स्त्रियांना मत मिळाले तर बिअर बंद होणार. शरद ऋतूत पक्षातल्याच मोठ्या गटाने स्त्री-मताधिकाराविरुद्ध उघड आघाडी उघडली. न्यूयॉर्क ट्रिब्यूनसारखी पूर्वेकडची वजनदार रिपब्लिकन पत्रे गप्प राहिली. निधी होता, पण त्यावर हात होता वेंडेल फिलिप्सचा. आधी गुलामगिरीतून सुटलेल्या पुरुषाचा प्रश्न, स्त्रियांचा मागाहून, अशी त्याची भूमिका होती. पैसा आला नाही.

दुसऱ्या बाजूला चार्ल्स लँगस्टन होता. ओबर्लिनमध्ये शिकलेला, पळून आलेल्या गुलामाला पकडणाऱ्यांच्या हातून सोडवले म्हणून ओहायोत तुरुंगवास भोगलेला, आणि कॅन्ससमधील कृष्णवर्णीयांचा त्या काळचा सर्वांत ठळक नेता. त्याचा युक्तिवाद साधा होता : आमचा प्रश्न जीवनमरणाचा आहे, त्याला दुसऱ्या प्रश्नाचे ओझे बांधू नका. वुड आणि लँगस्टन यांच्यात जाहीर खटके उडाले. एका सभेत कृष्णवर्णीय वक्ता स्त्रियांच्या प्रस्तावाला विरोध करी. दुसऱ्या सभेत गोरी वक्ती विचारी, की शिकल्यासवरल्या स्त्रीआधी कालच्या अशिक्षित गुलामाला मत का?

ऑक्टोबरमध्ये जॉर्ज फ्रान्सिस ट्रेन अवतरला. रेल्वेच्या व्यवहारांतून गबर झालेला, जांभळट हातमोजे घालणारा, स्वतःवर बेहद्द खूश असलेला डेमोक्रॅट. स्त्रियांना मत द्यावे असे तो जीव तोडून सांगे आणि त्याच दमात कृष्णवर्णीयांची अर्वाच्य टिंगल करी. स्त्री सर्वांत आधी, कृष्णवर्णीय सर्वांत शेवटी, हा त्याचा जाहीर क्रम होता. अँथनीने त्याच्याबरोबर दौरा केला. रिपब्लिकनांनी सोडले होते, पैसा नव्हता, आणि डेमोक्रॅटांची मते मिळवायची होती, हे तिचे समर्थन. अँथनीविषयी मला नितांत आदर आहे. अनेक वर्षे गुलामगिरीविरुद्ध काम केलेल्या या बाईने ट्रेनशेजारी व्यासपीठावर बसणे हे मात्र मला कोणत्याही युक्तिवादाने पटत नाही, आणि तिच्या जुन्या सहकाऱ्यांनाही ते पटले नाही.

निकाल लागला.

स्त्री-मताधिकार : बाजूने ९,०७०, विरुद्ध १९,८५७. कृष्णवर्णीय मताधिकार : बाजूने १०,४८३, विरुद्ध १९,४२१. तिसरा प्रस्ताव, मत काढून घेण्याचा, तेवढा संमत झाला.

दोन्ही आकडे शेजारी ठेवून पाहावेत. एका प्रस्तावामागे राज्यातला सत्ताधारी पक्ष होता. दुसऱ्यामागे काही वक्त्या आणि एक सर्कसवजा लक्षाधीश. तरी फरक केवळ १,४१३ मतांचा. म्हणजे ‘पक्षाने दगा दिला म्हणून स्त्रिया हरल्या’ ही स्टॅन्टन-अँथनी यांनी सांगितलेली कथा अपुरी पडते. पक्षाचा पाठिंबा ज्याला मिळाला त्याचे तरी काय झाले? मग उलट कथा खरी काय, की स्त्रियांनी मध्येच लुडबूड केल्यामुळे कृष्णवर्णीयांचा प्रस्ताव बुडाला? त्याच शरद ऋतूत ओहायो आणि मिनेसोटा येथेही कृष्णवर्णीय मताधिकारावर सार्वमत झाले. तेथे स्त्रियांचा प्रश्न मतपत्रिकेवर नव्हता. तेथेही प्रस्ताव पडलाच. दक्षिणेतल्या राज्यांवर काँग्रेसने त्याच वर्षी कृष्णवर्णीय मताधिकार कायद्याने लादला होता. उत्तरेतला गोरा मतदार स्वतःच्या दारी तो घ्यायला तयार नव्हता.

परंतु एवढ्यावर थांबणे प्रामाणिकपणाचे होणार नाही. ओहायोत अनुकूल मते सुमारे ४६ टक्के पडली, मिनेसोटात जवळजवळ ४९ टक्के. कॅन्ससमध्ये अवघी ३५. गुलामगिरीविरुद्ध रक्त सांडून उभे राहिलेले राज्य सर्वांच्या मागे राहिले. याची कारणे अनेक असतील. मिसुरीला लागून असलेली सीमा हे एक असेल. तरीही सहा महिने एका प्रश्नाचे समर्थक दुसऱ्या प्रश्नाविरुद्धचे मुद्दे विरोधकांना फुकट पुरवीत होते, याचा काहीच परिणाम झाला नसेल असे मला वाटत नाही. ज्याला दोन्ही प्रस्ताव पाडायचे होते त्याला स्वतःची वेगळी भाषणे तयार करण्याची गरजच उरली नव्हती.

पुढचा भाग अमेरिकेच्या इतिहासात ठळकपणे नोंदलेला आहे, म्हणून थोडक्यात. ट्रेनच्या पैशावर जानेवारी १८६८ मध्ये अँथनी आणि स्टॅन्टन यांनी ‘द रेव्होल्यूशन’ हे साप्ताहिक काढले. तो स्वतः लवकरच परदेशी निघून गेला, आणि पत्र बंद पडल्यावर १०,००० डॉलरचे कर्ज अँथनीने व्याख्याने देत देत फेडले. मे १८६९ मध्ये समान हक्क संघटनेच्या अधिवेशनात पंधराव्या घटनादुरुस्तीवरून उघड फूट पडली. ही दुरुस्ती वंश आणि वर्ण यांमुळे मत नाकारण्यास मनाई करीत होती, लिंगाचा उल्लेख नव्हता. फ्रेडरिक डग्लस म्हणाला, की स्त्रियांना जेव्हा केवळ स्त्रिया म्हणून घराबाहेर ओढून दिव्याच्या खांबांना टांगले जाईल, तेव्हा त्यांचा प्रश्न आमच्याइतका तातडीचा होईल. सभेतून प्रश्न आला : कृष्णवर्णीय स्त्रीच्या बाबतीत हे सारे खरे नाही काय? तो उत्तरला : आहे, पण ती स्त्री आहे म्हणून नव्हे, कृष्णवर्णीय आहे म्हणून.

दोन वर्षांपूर्वी, म्हणजे कॅन्ससचा प्रचार चालू होता त्याच वसंतात, याच संघटनेच्या सभेत सोजर्नर ट्रुथ बोलली होती. गुलामगिरीत जन्मलेली, लिहिता-वाचता न येणारी वृद्धा. तिचे म्हणणे असे, की आमच्या पुरुषांना हक्क मिळाले आणि आम्हांला मिळाले नाहीत, तर तेच आमचे मालक होऊन बसतील; ढवळाढवळ चालू आहे तोवरच सगळे मिळवून घ्या, पाणी स्थिरावले की पुन्हा ढवळायला फार काळ लागेल. आरंभी मांडलेला हिशेब त्या वर्षी कोणी स्पष्ट केला असेल तर तो तिने.

एकाच चळवळीच्या दोन राष्ट्रीय संघटना झाल्या : एक स्टॅन्टन-अँथनींची, दुसरी लूसी स्टोनची. १८९० पर्यंत त्या एकत्र आल्या नाहीत. मध्यंतरी पहिल्या गटाने चळवळीचा जाडजूड, खंडशः इतिहास प्रसिद्ध केला, आणि लूसी स्टोनने त्यासाठी स्वतःचे चरित्र द्यायला नकार दिला. कॅन्ससचे प्रकरण त्यात आहे. परंतु ते एका बाजूने लिहिलेले आहे हे विसरून ते वाचले, तर लँगस्टन हा केवळ अडथळा वाटतो. आम्हां विद्यार्थ्यांना मूळ साधन म्हणून हातात पडते ते हेच पुस्तक.

कॅन्ससमध्ये मात्र हालचाल थांबली नाही. निकल्सने उघडलेली शाळा-निवडणुकीची खिडकी होतीच. १८८१ पासून राज्यात घटनेनेच दारूबंदी आली, आणि ती टिकवायची तर गावच्या कारभारात स्त्रियांची मते हवीत, असे पुष्कळ पुरुषांनाही वाटू लागले. फेब्रुवारी १८८७ मध्ये स्त्रियांना नगरपालिका निवडणुकांत मताधिकार देणारा कायदा झाला. साधा कायदा, घटनादुरुस्ती नव्हे, म्हणून सार्वमत लागले नाही. सभागृहातून निघालेली वाट माळरानावरच्या सभांहून जवळची निघाली.

त्यानंतर दोनच महिन्यांनी, ४ एप्रिल १८८७ रोजी, अर्गोनिया नावाच्या लहानशा गावात एक गंमत घडली. तेथील दारूबंदीवादी स्त्रियांच्या संघटनेने काही उमेदवार पुढे केले होते. त्यांची फजिती करावी म्हणून काही टवाळ पुरुषांनी त्याच उमेदवारांची यादी छापली, आणि नगराध्यक्षपदासाठी मात्र सुझॅना सॉल्टर या सत्तावीस वर्षांच्या सदस्येचे नाव घातले. तिला न विचारता. मतदानाच्या दिवशी सकाळी गावातली मंडळी घरी आली तेव्हा ती कपडे धूत होती. निवडून आलात तर पद स्वीकाराल का, असे विचारल्यावर ती हो म्हणाली. दुपारपर्यंत वारे फिरले, आणि दोनतृतीयांश मतांनी ती निवडून आली. अमेरिकेतील पहिली स्त्री नगराध्यक्ष. वर्षभराचा पगार एक डॉलर. पुढल्या वर्षी ऑस्कालूसा या गावाने नगराध्यक्षासह संपूर्ण मंडळच स्त्रियांचे निवडले.

या वेळी पंडिता रमाबाई अमेरिकेतच होत्या. आनंदीबाई जोशी यांच्या पदवीदान समारंभासाठी १८८६ साली त्या फिलाडेल्फियाला गेल्या आणि १८८८ पर्यंत तेथे हिंडत, व्याख्याने देत राहिल्या. सॉल्टर ज्या ख्रिस्ती स्त्रियांच्या दारूबंदी संघटनेची सदस्य होती तिच्या राष्ट्रीय अध्यक्षा फ्रान्सिस विलार्ड यांच्याशी रमाबाईंचा निकटचा परिचय झाला. १८८९ साली प्रसिद्ध झालेल्या ‘युनायटेड स्टेट्सची लोकस्थिती आणि प्रवासवृत्त’ या त्यांच्या मराठी पुस्तकात अमेरिकन स्त्रियांच्या स्थितीविषयी आणि संघटनांविषयी विस्ताराने लिहिले आहे. या धाग्यात रस वाटला असेल त्यांनी ते अवश्य मिळवून वाचावे. सव्वाशेहून अधिक वर्षांपूर्वीच्या मराठीत अमेरिकेकडे इतक्या उघड्या डोळ्यांनी पाहणारे दुसरे पुस्तक माझ्या वाचनात नाही.

१८९४ मध्ये पूर्ण मताधिकारासाठी पुन्हा सार्वमत झाले. या वेळी शेतकऱ्यांचा नवा पॉप्युलिस्ट पक्ष बाजूने उभा राहिला. रिपब्लिकनांनी जाहीरनाम्यातून विषय गाळला. त्यामुळे स्त्री-मताधिकार हा एका पक्षाचा कार्यक्रम ठरला, आणि तो पक्ष त्या वर्षी हरला. ९५,३०२ विरुद्ध १,३०,१३९.

तिसरी खेप १९१२ ची. राज्य संघटनेची अध्यक्ष ल्यूसी जॉन्स्टन ही राज्याच्या सरन्यायाधीशांची पत्नी, गव्हर्नर स्टब्स अनुकूल. प्रचारात या वेळी गाजावाजा कमी आणि गावोगावच्या समित्या, स्त्री-मंडळे, शेतकऱ्यांचे मेळावे यांवर भर. कोणत्याही एका पक्षाच्या गळ्यात पडायचे नाही, हा १८६७ आणि १८९४ या दोन्हींचा धडा गिरवलेला. ५ नोव्हेंबर १९१२ : बाजूने १,७५,२४६, विरुद्ध १,५९,१९७. पहिल्या सार्वमतानंतर नेमक्या ४५ वर्षांनी, त्याच तारखेला, ‘पुरुष’ हा शब्द गेला. क्लॅरिना निकल्स १८८५ सालीच कॅलिफोर्नियात वारली होती.

‘गोरा’ या शब्दाचे काय? त्याला कॅन्ससच्या मतदारांनी १८६७ मध्ये राखले होते. त्याची सत्ता १८७० मध्ये बाहेरून, पंधराव्या घटनादुरुस्तीने संपवली. म्हणजे एका शब्दासाठी तीन वर्षे आणि दुसऱ्यासाठी ४५. ज्यांच्यासाठी दोन्ही जाणे आवश्यक होते त्यांना अर्थातच ४५.

त्यांपैकी एकीचे नाव माहीत आहे. चार्ल्स लँगस्टनने जानेवारी १८६९ मध्ये मेरी लिअरी या विधवेशी विवाह केला. तिचा पहिला नवरा १८५९ मध्ये जॉन ब्राऊनबरोबर हार्पर्स फेरीच्या हल्ल्यात मारला गेला होता. लँगस्टन १८९२ मध्ये वारला. तो आयुष्यातली शेवटची बावीस वर्षे मतदार होता, ती नव्हती. १९१० साली ऑसावाटोमी येथे जॉन ब्राऊनच्या स्मारकाच्या समारंभात माजी राष्ट्राध्यक्ष थिओडोर रूझवेल्ट बोलले, तेव्हा त्या हल्ल्यातील वीराची हयात असलेली शेवटची विधवा म्हणून तिला व्यासपीठावर मानाने बसवले होते. बरोबर छोटा नातू होता. तिला त्या दिवशीही मत नव्हते.

ते मिळाले तेव्हा ती सत्तरी ओलांडून लॉरेन्समध्ये, हलाखीत, घरात भाडेकरू ठेवून त्या नातवाला वाढवीत होती. १९१५ मध्ये ती वारली. नातवाचे नाव लँगस्टन ह्यूज. तो पुढे कवी झाला, आणि आजीविषयी त्याने आत्मचरित्रात लिहिले आहे.